मुलगा चर्चला देत नाही, सासूबाई देऊन थांबत नाहीत

आदरणीय ताई, जय ख्रिस्त.

आम्ही भांडुपला राहतो. भायखळ्याकडच्या एका जुन्या मराठी चर्चच्या मंडळीचे आम्ही तीन पिढ्यांचे सभासद. माझे मिस्टर पोर्ट ट्रस्टमधून निवृत्त झाले, आता मंडळीचे खजिनदार आहेत. लग्न झाल्यापासून आमच्याकडे एकच शिरस्ता: पगार आला की दशमांश, म्हणजे कमाईचा दहावा भाग, आधी बाजूला, किराणा मागून. पण आता पेन्शनमध्ये औषधं, सोसायटीचा मेंटेनन्स, लाइटबिल यांची तोंडमिळवणी होत नाही. दशमांशाला हात लावायचा नुसता विचार आला तरी दशमांश न देणारे देवाला लुटतात हे बायबलमधलं मलाखीचं वचन आठवतं आणि रात्र जागून काढते.

मुलगा ठाण्याला असतो. नोकरी चांगली, घराचं कर्ज चालू. दोन वर्षांपासून त्याने चर्चची वर्गणी बंद केली. टाटा हॉस्पिटलला बाहेरगावाहून येणाऱ्या पेशंटांची राहण्याची सोय करणाऱ्या एका संस्थेला तो महिन्याला चार हजार देतो. कापणीच्या सणाला तो वडिलांना म्हणाला, "मंडळीचा हिशेब दाखवा, मी उद्यापासून देतो." यांना वाटलं, पोटचा मुलगा आपल्याला चोर म्हणतोय. तेव्हापासून दोघांचं बोलणं कामापुरतंच.

सासूबाई ७८ वर्षांच्या. रात्री मोबाइलवर एका प्रचारकाच्या सभा पाहतात आणि नातीकडून पैसे पाठवून घेतात. "बी पेरलं की शंभरपट मिळतं," म्हणतात. मोतीबिंदूचं ऑपरेशन पुढे ढकललं, पण त्याच महिन्यात पाच हजार पाठवले. दीर दुबईला आहेत, चर्चच्या गळक्या छपरासाठी पैसे द्यायला तयार आहेत. पण कमिटीतले एकजण म्हणतात, परदेशातला पैसा घेतला तर चर्चवर केस होईल.

आम्ही देवाला लुटतोय का? मुलाचं देणं देवाच्या हिशेबात धरलं जातं का? सासूबाईंना कसं थांबवू?

– एक आई, भांडुप

*

जय ख्रिस्त.

तुम्ही देवाला लुटत नाही. मुलाचं देणं हिशेबात धरलं जातं. आणि सासूबाईंचं ऑपरेशन या महिन्यातच व्हायला हवं. एवढं आधी सांगते, म्हणजे पुढचं शांतपणे वाचता येईल.

सुरुवात बापलेकांपासून करू, कारण तुमच्या घरातली गाठ तिथे बसली आहे. मिस्टरांना का लागलं असेल हे मला कळतं. मंडळीचा खजिनदार म्हणजे बिनपगारी कारकून. उपासना संपून सगळे अंगणात गप्पा मारत उभे असतात, तेव्हा हा माणूस आतल्या खोलीत थैली उलटी करून दहा-वीसच्या नोटा सरळ करत, नाणी लावत बसलेला असतो. सोमवारी बँकेची रांग. वर्षाअखेर ऑडिटरच्या चकरा. इतकं करून घरातूनच "हिशेब दाखवा" ऐकू आलं की मन दुखावणारच.

पण त्यांना माझ्या वतीने एक सांगा. प्रेषित पौलाने यरुशलेमेच्या गरीब ख्रिस्ती लोकांसाठी वर्गणी गोळा केली, तेव्हा ती रक्कम तो एकटा घेऊन निघाला नाही. करिंथकरांस लिहिलेल्या दुसऱ्या पत्राचा आठवा अध्याय काढा. पौलाचा सहकारी तीत याच्याबरोबर मंडळ्यांनीच निवडलेला एक भाऊ पाठवलेला आहे, आणि कारणही लिहिलं आहे: एवढ्या मोठ्या देणगीच्या कामात कुणाला आमच्याकडे बोट दाखवता येऊ नये. जे प्रभूच्या दृष्टीने चांगलं तेच माणसांच्या दृष्टीनेही चांगलं दिसावं, याची आम्ही काळजी घेतो, असं पौल म्हणतो. पौलाला स्वतःच्या प्रामाणिकपणाबद्दल शंका नव्हती, तरी त्याने साक्षीदार बरोबर ठेवले. मग भायखळ्याच्या खजिनदाराकडे कुणी कागद मागितला तर त्यात अपमान कसला?

आणि मुलाचं वाक्य पुन्हा वाचा. "मी देत नाही," असं तो म्हणालेला नाही. "दाखवा, मी उद्यापासून देतो," असं म्हणाला आहे. ज्याचा चर्चशी संबंधच संपला, तो हिशेब मागायच्याही भानगडीत पडत नाही, रविवारी घरी झोपतो. तुमचा मुलगा कापणीच्या सणाला आला होता, हे तुमच्याच पत्रात आहे.

मिस्टर म्हणत असतील, आजच्या पोरांची श्रद्धाच गेली. हे दुखणं फक्त आपल्या मंडळीचं नाही. अमेरिकेत १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला लोक जे दान देत, त्यातला निम्म्याहून जास्त पैसा चर्च आणि धार्मिक संस्थांकडे जायचा. आता तो वाटा पावभागाच्या आसपास आला आहे. एकूण दान आटलेलं नाही, ते दवाखाने, शाळा, भुकेल्यांना अन्न देणाऱ्या संस्था यांच्याकडे वळलं. माणसंही कमी झाली. तिथे १९९९ साली दहातले सात जण कुठल्या ना कुठल्या चर्चचे किंवा अन्य प्रार्थनास्थळाचे सभासद होते, २०२० साली हे प्रमाण पहिल्यांदाच निम्म्याच्या खाली गेलं. जर्मनीत तर सरकारच नोंदणीकृत सभासदांकडून चर्चकर गोळा करतं, आयकराच्या आठ किंवा नऊ टक्के. तो भरायचा नाही म्हणून लोक सरकारी कार्यालयात जाऊन सभासदत्वच सोडतात.

आपल्याकडे असली सक्ती नाही, आणि आपल्या देशात घराघरांतून निघणाऱ्या दानाचा मोठा वाटा अजूनही धर्मस्थळांकडेच जातो. पण मुंबईच्या मराठी मंडळ्यांत एक सवय मोडली ती कोविडमध्ये. मार्च २०२०मध्ये दारं बंद झाली. महाराष्ट्रात प्रार्थनास्थळं उघडली ती त्या वर्षी १६ नोव्हेंबरला, मग पुन्हा बंद, आणि नंतर ७ ऑक्टोबर २०२१ला. इतके महिने थैली कुणापुढे फिरलीच नाही. त्या दिवसांत तरुण मुलांनी ऑक्सिजन सिलिंडरसाठी, मजुरांच्या जेवणासाठी, कुणाच्या हॉस्पिटलच्या बिलासाठी मोबाइलवरून पैसे पाठवले. पाठवले की लगेच पावती, आठवड्याने फोटो, महिन्याने किती माणसं जेवली त्याचा आकडा. ज्याला ही सवय लागली, त्याला थैलीत टाकलेल्या पाचशे रुपयांचं पुढे काय झालं हे विचारावंसं वाटणारच. त्यात श्रद्धेचा तोटा मला दिसत नाही.

यात आपल्या मराठी ख्रिस्ती इतिहासाचाही भाग आहे, आणि त्याबद्दल आपण फार कमी बोलतो. अमेरिकन मिशनरी मुंबईत उतरले १८१३ साली. त्यांनी उभारलेली चर्चं, शाळा, वसतिगृहं, पाळकांचे पगार यांतला मोठा भाग त्यांच्या मिशनच्या मुख्यालयाकडून, बॉस्टनहून, येणाऱ्या पैशावर चालला. हिशेब मिशनचे साहेब ठेवत आणि तो बॉस्टनला कळवत. भायखळ्याच्या किंवा नगरच्या सभासदाला तो दाखवायची गरज कुणाला वाटली नाही, आणि सभासदानेही मागितला नाही. ती सवय आपल्या हाडात मुरली. पुढे १९७०मध्ये उत्तर भारतातल्या बऱ्याच मंडळ्या एकत्र येऊन चर्च ऑफ नॉर्थ इंडिया झाली, साहेब गेले, पण वरच्या माणसाला हिशेब विचारायचा नसतो ही समजूत राहिली. दरम्यान बाहेरचा पैसा आटला. २०२०च्या सप्टेंबरमध्ये परकीय देणग्यांचा कायदा आणखी कडक झाला. एका संस्थेने दुसरीला परदेशी पैसा पुढे देणं बंद झालं आणि कार्यालयीन खर्चाची मर्यादा निम्म्यावरून २० टक्क्यांवर आली. आता मंडळी चालते ती तुमच्यासारख्यांच्या पेन्शनवर. मग पूर्वी बॉस्टनला जाणारा हिशेब आता भांडुपला आणि ठाण्याला यायला नको?

मिस्टरांना आणखी एक उदाहरण द्या. पंडिता रमाबाईंनी ११ मार्च १८८९ला मुंबईत शारदा सदन सुरू केलं, ते अमेरिकेत १८८७मध्ये स्थापन झालेल्या रमाबाई असोसिएशनच्या मदतीवर. दहा वर्षं मदत करायचं वचन देऊन तिथल्या लोकांनी गावोगाव छोटी मंडळं काढली होती. त्या असोसिएशनचे वार्षिक अहवाल छापले जात. रमाबाईंना त्यात कमीपणा वाटल्याचं मी तरी वाचलेलं नाही.

कायदाही मुलाच्या बाजूचा आहे. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम १९५०चा. देवळांचे, चर्चचे ट्रस्ट त्याखाली नोंदलेले असतात. दरवर्षी लेखापरीक्षण करून हिशेब धर्मादाय आयुक्तांकडे द्यावा लागतो, मुंबईचं कार्यालय वरळीला आहे. तुमच्या चर्चची जागा धर्मप्रांताच्या ट्रस्टच्या नावावर असेल तर हिशेब त्या मार्गाने जात असेल, पण कुठेतरी तो जातोच. म्हणजे नवीन काही करायचं नाही. जो कागद ऑडिटरसाठी तयार होतो, त्याचंच सोप्या मराठीतलं एक पान नोटीसबोर्डवर लावायचं. वरच्या बाजूला थैलीतलं दान, दशमांश, उपकारस्तुतीची (देवाचे आभार म्हणून दिलेली) दानं, कापणीचा सण, छप्पर निधी. खालच्या बाजूला पाळकांचा पगार, धर्मप्रांताला द्यायचा वाटा, वीज, डागडुजी, गरजू कुटुंबांना मदत, शिल्लक. त्यातली एक ओळ मुलगा सगळ्यात आधी बघेल: गरजूंना किती गेले. तिथे शून्य असेल तर ते शून्यही लावा. लपवलेल्या मोठ्या आकड्यापेक्षा उघड लावलेलं शून्य बरं, कारण पुढच्या सभेत त्यावर कुणीतरी बोलेल.

कापणीच्या सणाचा विषय तुम्ही सहज काढलात, पण मला त्यावर थोडं बोलायचं आहे. तो लिलाव आपल्या सगळ्यांच्या आवडीचा. वेदीपुढे रचलेले भोपळे, उसाची मोळी, केळीचा घड, कुणी घरी केलेला केक, पाय बांधलेला कोंबडा. उपासना झाली की सगळं अंगणात येतं आणि खणखणीत आवाजाचे कुणी काका बोली सुरू करतात. चाळीस रुपयांचा नारळ पाचशेवर जातो, हजारावर जातो, दोन कुटुंबांत चढाओढ लागते, लहान मुलं टाळ्या वाजवतात. शेवटी नाव पुकारलं जातं आणि नारळ घेणारा तोच परत दान करतो, पुन्हा बोली लागते. चर्चला चार पैसे मिळतात, लोक हसतात, सगळं खरं. पण त्याच अंगणात मागच्या भिंतीला टेकून उभ्या असलेल्या बायका मी पाहिल्या आहेत. पर्स हातात घट्ट धरलेली, कुणी आपल्याकडे बघून "तुम्ही नाही बोललात?" म्हणेल या भीतीने नजर खाली. धुणीभांडी करून घर चालवणारी एखादी बाई त्या दिवशी पन्नास रुपये थैलीत टाकून आलेली असते. प्रभू मंदिराच्या दानपेटीसमोर बसला होता, तेव्हा त्याने बोट दाखवलं ते तिच्यासारखीकडे. म्हणून मिस्टर कमिटीत आहेत तोवर एवढं करता आलं तर बघा: लिलाव ठेवा, नावं पुकारणं बंद करा. बोली लावणाऱ्यांना नावाऐवजी क्रमांकाच्या पाट्या दिल्या तरी चालतं. उत्पन्न थोडं घटेल. मला ते चालेल, आणि मला वाटतं प्रभूलाही.

आता दशमांश, आणि तुमची झोप.

सगळा दशमांश भांडारात आणा, हे मलाखी ३:१०चं वचन चर्चमध्ये फार वेळा वाचलं जातं, त्याच अध्यायातलं पाचवं वचन फार कमी वेळा. मजुराची मजुरी बुडवणाऱ्यांना, विधवा आणि अनाथांना छळणाऱ्यांना, परक्याला न्याय न देणाऱ्यांना तिथे देव सुनावतो. लूट म्हणून जो दोष येतो तो याच वातावरणात. आणि भांडारात आणायचं होतं ते धान्य, द्राक्षारस, तेल. ते कुणाच्या पोटात जायचं हे नहेम्याच्या तेराव्या अध्यायात स्पष्ट आहे. मंदिराचे सेवक असलेल्या लेव्यांना त्यांचा वाटा मिळेना, म्हणून ते मंदिराची सेवा सोडून आपापल्या शेताला लागले. तेव्हा नहेम्याने दशमांश पुन्हा सुरू करवला आणि भांडारावर विश्वासू समजली जाणारी माणसं नेमली. म्हणजे सेवकाचं पोट आणि भांडाराचा हिशेब या दोन्ही गोष्टी एकाच वेळी सांभाळल्या.

बायबलमधल्या ‘अनुवाद’ या पुस्तकाचा चौदावा अध्याय तर आपल्याकडे कुणी वाचत नाही असं मला वाटतं. तिथे दशमांश घेऊन कुटुंबाने देवापुढे यायचं आणि तो आनंदाने खायचा, असं आहे. मुलाबाळांसह, लेव्याला न विसरता. दर तिसऱ्या वर्षी मात्र तो गावातच साठवायचा, लेवी, परका, अनाथ आणि विधवा यांनी येऊन पोटभर जेवावं म्हणून. तुमच्या मुलाचे चार हजार या तिसऱ्या वर्षाच्या दशमांशात शंभर टक्के बसतात. परळच्या फुटपाथवर चादर अंथरून बसलेली बिहारची, बंगालची, विदर्भातली माणसं तुम्ही पाहिली असतील. हॉस्पिटलमधला उपचार मिळतो, पण रात्री अंग टाकायला जागा मिळत नाही. तुमचा मुलगा त्यातल्या कुणाला तरी छप्पर देतोय. त्याला देवाच्या हिशेबाबाहेर कसं ठेवणार?

तुमच्या स्वतःच्या पेन्शनबद्दल पौलाचं सरळ मार्गदर्शन आहे, त्याच आठव्या अध्यायात. ज्याच्याजवळ जे आहे त्याप्रमाणे दिलेलं मान्य होतं, नसलेल्यातलं मागितलेलं नाही, आणि दुसऱ्यांना आराम मिळावा म्हणून तुमची ओढाताण व्हावी असा हेतू नाही. पुढच्या अध्यायात आहे की प्रत्येकाने आपल्या मनात ठरवल्याप्रमाणे द्यावं, नाइलाजाने नाही. तेव्हा एका संध्याकाळी दोघं वही घेऊन बसा. हातात येणारी पेन्शन लिहा. औषधं, मेंटेनन्स, लाइट, गॅस, किराणा लिहा, आणि अचानक येणाऱ्या दवाखान्यासाठी थोडे बाजूला काढा. मग जे ठरेल ते ठरवा, पाच टक्के असो, तीन असो, आणि ते दर महिन्याला न चुकता द्या. दोन महिने दहा टक्के आणि तिसऱ्या महिन्यात केमिस्टची उधारी, यापेक्षा ते कितीतरी बरं. ऋण काढून सण करू नये हे आपल्या आज्यांनी सांगितलं ते दानालाही लागू आहे. ज्या वर्षी जमेल त्या वर्षी वाढवा. कमी दिल्याने आजारपण येतं, मुलाची नोकरी जाते, असलं कुणी व्यासपीठावरून सांगत असेल तर ते ऐकू नका. ज्याने आपल्यासाठी सगळं दिलं, तो वसुलीला माणसं पाठवत नाही.

पण मुलालाही मी एक गोष्ट सांगणार आहे, आणि ती तुम्ही त्याला तशीच वाचून दाखवा. बाळा, तुझा बाप्तिस्मा या मंडळीत झाला असेल, लग्नाची प्रतिज्ञाही इथेच झाली असेल. उद्या आजीला शिवडीच्या कब्रस्तानात न्यायची वेळ येईल तेव्हा पाळक पावसातही येतील. त्या पाळकांच्या घरी महिन्याला रेशन लागतं, चर्चच्या पंख्यांचं बिल येतं, छप्पर गळतंय. हे पेशंटांच्या संस्थेच्या पैशातून होणार नाही, आणि तुझ्या वडिलांच्या पेन्शनमधून तर नाहीच नाही. चार हजारांतला एक हजार इकडे वळव, किंवा चार तसेच ठेवून वर पाचशे दे. पण दे, आणि हिशेबाचं पान दर तिमाहीला माग.

करसवलतीबद्दल थोडक्यात, कारण तो विषय घरात निघणारच. त्या संस्थेकडे देणगीवर करसवलत देण्याची मान्यता (जिला ८०जी म्हणतात) असेल तर जुन्या करपद्धतीत मुलाला वजावट मिळते, पण दोन हजारांवरची रोख देणगी त्यात धरत नाहीत. नव्या करपद्धतीत ही वजावटच नाही. निव्वळ धार्मिक कामासाठी चर्चला दिलेल्या पैशावर सहसा सवलत मिळत नाही. तेव्हा त्यासाठी कुणी चर्चकडून पावतीचा हट्ट धरू नये.

सासूबाईंकडे येते. त्यांच्यावर ओरडू नका, मोबाइल काढून घेऊ नका. रात्री साडेदहाला घरातले सगळे झोपलेले असताना कुणीतरी पडद्यावरून "माझ्या आई, मी तुमच्यासाठी प्रार्थना करतो" म्हणतं, आणि ७८व्या वर्षी ते ऐकायला फार गोड वाटतं. त्या पैसे पाठवतात ते बऱ्याचदा त्या आवाजासाठी. म्हणून आवाजाची जागा भरा. महिला मंडळाला सांगून महिन्यातून एकदा तुमच्या घरी प्रार्थनासभा ठेवा, पाळकांना त्यांच्या शेजारी बसवा, एखादं जुनं गीत त्यांनाच सुरू करायला सांगा.

मग एका दुपारी त्यांच्याशी पवित्र शास्त्रावरच बोला, त्यांना ते तोंडपाठ असणार. नामान हा सेनापती कुष्ठातून बरा झाला तेव्हा त्याने अलीशा संदेष्ट्यापुढे भेटी ठेवल्या. अलीशाने एकही घेतली नाही. त्याचा चाकर गेहजी मागून धावत गेला, खोटं बोलून चांदी आणि कपडे घेऊन आला, आणि त्याचं काय झालं हे सासूबाई तुम्हालाच सांगतील. पेरणाऱ्याच्या दाखल्यात बी म्हणजे देवाचं वचन, असं खुद्द प्रभूने समजावलं आहे. तिथे पैसे पेरायचा उल्लेखही नाही, धनाचा मोह येतो तो वचन खुंटवणाऱ्या काट्यांत. आणि देवाला वाहिलं या नावाखाली आईबापांची काळजी टाळणाऱ्यांना प्रभूने मार्कच्या सातव्या अध्यायात खडसावलं आहे. तुमच्या घरात तर उलटं झालंय, आईच स्वतःचे डोळे वाहून देते आहे.

नातीला एक काम द्या. पुढच्या वेळी आजीने कोड स्कॅन करायला सांगितलं की पैसे जाण्याआधी पडद्यावर कुणाचं नाव येतं ते मोठ्याने वाचायचं. ट्रस्टऐवजी एखाद्या माणसाचं खासगी नाव आलं तर आजीला ते ऐकू द्या. मग त्या प्रचारकाच्या कार्यालयाला ट्रस्टचा नोंदणी क्रमांक आणि आजवरच्या रकमांच्या पावत्या मागणारा मेसेज पाठवा, नम्रपणे. उत्तर आलं नाही तर सासूबाईंना ते स्वतः दिसेल. त्यांची पेन्शन ज्या खात्यात येते तिथून मोबाइलचे व्यवहार काढून टाका आणि दुसऱ्या छोट्या खात्यात त्यांच्या मर्जीने खर्चायला पाचशे-सातशे ठेवा. द्यायचा आनंद त्यांच्याकडून पूर्ण काढून घेऊ नका. उपकारस्तुतीचं पाकीट त्यांच्या हातानेच थैलीत पडू द्या.

ऑपरेशनच्या पैशांची अडचण असेल तर याच १९५०च्या कायद्याखाली मुंबईतल्या धर्मादाय रुग्णालयांना दहा टक्के खाटा निर्धन रुग्णांसाठी मोफत आणि दहा टक्के दुर्बल घटकांसाठी सवलतीत ठेवाव्या लागतात. उत्पन्नाचा दाखला आणि रेशनकार्ड घेऊन तिथल्या समाजसेवा विभागात भेटा. पालिकेच्या रुग्णालयांतही मोतीबिंदूची ऑपरेशनं नेहमी होतात.

दिरांच्या पैशाचं उत्तर सोपं आहे. त्यांच्याकडे भारतीय पासपोर्ट असेल तर त्यांनी स्वतःच्या कमाईतून बँकेमार्फत दिलेली देणगी ही परकीय देणगी ठरत नाही, मग ते दुबईतून का पाठवेनात. पासपोर्टची झेरॉक्स आणि "हे माझे वैयक्तिक पैसे, छपरासाठी" असं सहीचं पत्र फाइलला लावा आणि तुमच्या सीएकडून ते लेखी घेऊन ठेवा. मात्र दुबईतल्या मित्रांचे पैसे गोळा करून स्वतःच्या नावावर पाठवू देऊ नका, त्यात दुसऱ्या देशांचे नागरिक निघाले तर कमिटीतल्या त्या गृहस्थांची भीती खरी ठरेल.

मिस्टरांना मुलाकडे जायला जड जाईल. मग तुम्ही मध्यस्थी करा, पण पैशांचा विषय काढू नका. ते नोटीसबोर्डाचं पान कॉम्प्युटरवर कुणीतरी बनवायला हवं आणि यांना ते येत नसणार. एका रविवारी मुलाला दुपारचं जेवायला बोलवा, वह्या टेबलावर ठेवा आणि बापलेकांना बसू द्या. पण त्याआधी, याच आठवड्यात, सासूबाईंसाठी डोळ्यांच्या डॉक्टरची तारीख घ्या.